खेळाची यंत्रे, घरचे कारागीर आणि जुळणीची चिठ्ठी



ज्या व्यासपीठावरून संतवाङ्मय, मराठ्यांचा इतिहास आणि देशाचे अर्थकारण ह्यांसारख्या भारदस्त विषयांचा ऊहापोह व्हावयाचा, तेथे मुलांच्या खेळण्याचा विषय घेऊन कोणी उभा राहिला तर श्रोत्यांना नवल वाटणे साहजिक आहे. परंतु टी.व्ही.ला जोडलेली ती खेळाची पेटी, जिला आपण कन्सोल म्हणतो, ती दिसते तितकी पोरकट वस्तू नाही. गेल्या चाळीसपन्नास वर्षांत ह्या पेटीवरून एक मोठा वाद लढला गेला आहे. पैसे मोजून घरी आणलेल्या यंत्रावर सत्ता कोणाची, ते बनवणाऱ्या कारखानदाराची की ते विकत घेणाऱ्या गृहस्थाची, हा तो वाद होय. त्याचा इतिहास सांगताना मी एका अगदी क्षुल्लक गोष्टीचा माग धरणार आहे. ती गोष्ट म्हणजे चार ओळींच्या मजकुराची एक फाईल. संगणकवाले तिला कॉन्फिगरेशन फाईल म्हणतात. आपण तिला जुळणीची चिठ्ठी म्हणू.

चिठ्ठी हा शब्द मी हेतुतः वापरतो. आपण परगावी निघालो आणि घर राखायला भाचा येऊन राहणार असला, की आपण एक कागद लिहून स्वयंपाकघरात लावतो. नळाला पाणी सहा ते सात; मोटर बंद करायला विसरू नये; दूधवाल्याला अर्धा लिटर सांगितले आहे; मागच्या दाराची किल्ली फडताळात. भाचा हुशार आहे, त्याला सर्व कामे येतात. पण ह्या घरात कोणती वस्तू कोठे आहे आणि ह्या घराची रीत काय, हे त्याला ठाऊक नसते. प्रोग्रॅम आणि जुळणीची चिठ्ठी ह्यांचा संबंध नेमका असाच आहे. प्रोग्रॅम लिहिणारा दूरदेशी बसलेला असतो. तुमची गाणी कोणत्या फोल्डरमध्ये आहेत, तुमचा टी.व्ही. कोणत्या पद्धतीचा आहे, हे त्याला कळावे कसे? म्हणून तो प्रोग्रॅमला एवढेच सांगून ठेवतो की, अमुक नावाची फाईल शोध आणि तीत लिहिले असेल तसे वाग. ती फाईल माणसाला वाचता येईल अशा साध्या अक्षरांत असते आणि घरधन्याने ती स्वतः लिहावयाची असते.

ह्या कथेतील दुसरा शब्द होमब्रू. त्याचा मूळ अर्थ घरी केलेली बिअर. त्यावरून घरी बसून, हौसेने, कोणत्याही कंपनीच्या परवान्यावाचून केलेल्या संगणकी कामाला हे नाव पडले. ५ मार्च १९७५ रोजी कॅलिफोर्नियातील मेन्लो पार्क येथे एका गॅरेजमध्ये काही हौशी मंडळी जमली आणि 'होमब्रू कॉम्प्युटर क्लब' सुरू झाला. स्टीव्ह वॉझनियॅक ह्यांनी आपला पहिला ॲपल संगणक ह्याच मंडळींना दाखवला. आणि ह्याच क्लबच्या वार्तापत्रात फेब्रुवारी १९७६ मध्ये वीस वर्षांच्या बिल गेट्स ह्यांचे एक खरमरीत अनावृत पत्र प्रसिद्ध झाले. आम्ही कष्टाने लिहिलेला प्रोग्रॅम तुम्ही फुकट नकलून घेता, ही चोरी आहे, असा त्याचा आशय होता. म्हणजे हौशी कारागिराचे स्वातंत्र्य आणि लेखकाच्या कष्टाचे मोल ह्यांतील झगडा ह्या शब्दाच्या जन्मापासून त्याला चिकटलेला आहे. तो आपल्याला पुढे पुन्हा भेटणार आहे.

आता यंत्रांकडे वळू. १९७७ साली आलेल्या अटारीच्या पेटीला कुलूप नव्हते. कोणीही काडतूस, म्हणजे खेळ साठवलेली डबी, बनवावी आणि विकावी. अटारी सोडलेल्या प्रोग्रॅमकारांनी १९७९ मध्ये ॲक्टिव्हिजन ही स्वतंत्र संस्था काढून तेच केले. पुढे निकृष्ट खेळांचा बाजारात सुळसुळाट झाला आणि १९८३ मध्ये अमेरिकेतील हा सारा धंदा कोसळला. त्याच वर्षी जुलैत जपानमध्ये निन्टेन्डोने फॅमिकॉम हे यंत्र काढले. १९८५ मध्ये ते अमेरिकेत नेताना कंपनीने त्यात एक चिमुकली चिप घातली. तिची जोडीदार चिप प्रत्येक अधिकृत काडतुसात असे. दोघींची खूण पटली तर खेळ सुरू होई, न पटली तर यंत्र पुन्हा पुन्हा विझे. खेळयंत्राला कुलूप लागले ते असे. मूळच्या जपानी यंत्रात ही चिप नव्हतीच, आणि १९९० च्या दशकात आपल्या गावोगावच्या बाजारांत 'व्हिडिओ गेम' म्हणून ज्या स्वस्त पेट्या मिळत त्यांपैकी पुष्कळशा त्या जपानी यंत्राच्या नकला होत्या.

त्या काळी जुळणीच्या चिठ्ठीला जागा नव्हती. काडतुसातील खेळ कारखान्यातच पक्का कोरलेला असे आणि यंत्राची कामाची स्मृती अवघी दोन किलोबाइट. घरधन्याने काही लिहून ठेवावे असे फडताळच त्या घरात नव्हते. तरीही कुलपाचा वाद न्यायालयात गेला. दुसऱ्याच्या यंत्राला जुळणारा आपला खेळ लिहिण्यासाठी त्याचा प्रोग्रॅम उलगडून अभ्यासणे गुन्हा आहे काय, हा सेगा विरुद्ध ॲकोलेड खटल्यातील प्रश्न होता. १९९२ साली अमेरिकेच्या अपील-न्यायालयाने निर्णय दिला की, जुळवून घेण्यापुरती माहिती दुसऱ्या मार्गाने मिळत नसेल तर असा अभ्यास न्याय्य वापरात मोडतो. घरच्या कारागिरांना ह्या निकालाने पाय ठेवायला जमीन मिळाली.

पहिली चिठ्ठी आली ती तबकडीबरोबर, आणि ती लिहिली होती कारखानदाराने. सोनीचे प्लेस्टेशन डिसेंबर १९९४ मध्ये जपानात विक्रीला आले. त्याच्या खेळाच्या तबकडीवर 'सिस्टिम.सीएनएफ' नावाची तीनचार ओळींची साधी मजकुराची फाईल असे. मुख्य प्रोग्रॅमचे नाव काय, तो तबकडीवर कोठे आहे, स्मृतीची मांडणी कशी करावी, एवढाच तीत मजकूर. यंत्र चालू झाले की प्रथम ही चिठ्ठी वाचावयाचे आणि मग कामाला लागावयाचे. पुढे २००० साली आलेल्या प्लेस्टेशन टूनेही हीच रीत ठेवली. त्याच्या चिठ्ठीत टी.व्ही.ची पद्धत सांगणारी एक ओळ वाढली. सोनीने १९९६ मध्ये जपानात आणि पुढल्या वर्षी इतरत्र हौशी लोकांसाठी 'नेट यारोझे' नावाचे काळे प्लेस्टेशनही विकले, ज्यावर आपला आपण खेळ लिहिता येई. दार उघडे होते. मात्र ते किती उघडावे, हे ठरवणारा कारखानदारच होता.

प्लेस्टेशन टूचे बंद दार मोडले ते एका फाईलमधूनच, ही ह्या इतिहासातील गंमत आहे. ते यंत्र जुन्या प्लेस्टेशनचे खेळही चालवी. जुनी तबकडी घातली की ते मेमरी कार्डावर 'टायटल.डीबी' नावाची खेळांच्या नोंदींची फाईल आहे काय ते पाही आणि तीतील नोंद वाची. नोंदीची लांबी किती असावी, ह्याची तपासणी करायला मात्र लिहिणारा विसरला होता. खतावणीच्या रकान्यात मावेना इतका मजकूर कोणी लिहिला तर तो शेजारच्या रकान्यात घुसतो आणि वाचणारा त्यालाच पुढची आज्ञा समजतो, तसा प्रकार झाला. २००३ मध्ये ही फट उघडकीस आली आणि आठ मेगाबाइटच्या कार्डावरून घरचे प्रोग्रॅम चालू लागले.

२००८ मध्ये ह्याहून सोयीची 'फ्री मॅकबूट' नावाची सोय आली. ह्या वेळी कारागिरांनी कारखानदाराच्याच एका रीतीचा उपयोग केला. यंत्र सुरू होताना मेमरी कार्डावर काही अधिकृत सुधारणा ठेवली आहे काय ते पाहत असे. फ्री मॅकबूट त्या सुधारणेच्या जागी जाऊन बसला. परंतु आपल्या दृष्टीने महत्त्वाची गोष्ट ही की, त्याच्यासोबत 'फ्रीएमसीबी.सीएनएफ' नावाची चिठ्ठी होती आणि ती गृहस्थाने लिहावयाची होती. पडद्यावरील यादीत कोणती नावे दिसावीत, कोणते बटण दाबले असता कोणता प्रोग्रॅम सुरू व्हावा, हे सर्व तीत ओळीओळीने मांडता येई. प्रत्येक प्रोग्रॅमसाठी तीन पत्ते लिहिण्याची सोय होती. पहिल्या जागी तो न मिळाला तर दुसऱ्या जागी पाहावे, तेथेही न मिळाला तर तिसऱ्या. कार्ड ह्या खाचेतून त्या खाचेत गेले तरी घर बंद पडू नये, असा त्यामागे शहाणा विचार होता. तेच सीएनएफ नाव, तीच ओळींची भाषा. लेखणी तेवढी कारखानदाराच्या हातून घरधन्याच्या हाती आली. त्याच वर्षाच्या अखेरीपासून निघालेल्या नव्या यंत्रांत सोनीने ती सुधारणेची वाटच बंद करून टाकली, हेही सांगितले पाहिजे.

मायक्रोसॉफ्टचा एक्सबॉक्स नोव्हेंबर २००१ मध्ये आला. त्यात वैयक्तिक संगणकासारखाच ७३३ मेगाहर्ट्झचा प्रोसेसर आणि हार्ड डिस्क होती. एमआयटीतील अँड्र्यू हुआंग ह्यांनी त्याच्या आतील तारांवरून वाहणारी माहिती टिपून त्याची गुप्त किल्ली २००२ मध्ये शोधून काढली आणि पुढल्या वर्षी त्यावर पुस्तकही लिहिले. ह्या यंत्रावर हौशी मंडळींनी चित्रपट आणि गाणी चालवणारा एक प्रोग्रॅम उभारला. 'एक्सबॉक्स मीडिया सेंटर' हे त्याचे नाव. त्याच्या चिठ्ठीत गृहस्थाने प्रत्येक ठिकाणाचे एक नाव आणि एक पत्ता लिहावयाचा: 'जुनी गाणी' ह्या नावाखाली माडीवरच्या संगणकातील अमुक फोल्डर, 'चित्रपट' ह्या नावाखाली तमुक. येथे चिठ्ठी केवळ यंत्राची राहिली नाही. तीत साऱ्या घराचा नकाशा आला. गेट्स ह्यांच्या कंपनीने बनवलेल्या पेटीवर होमब्रूवाल्यांनीच हे काम करावे, हा योगायोग त्या जुन्या पत्राची आठवण करून देणारा आहे. प्रोग्रॅम बनवायला मायक्रोसॉफ्टचे परवान्याने मिळणारे साहित्य लागे, म्हणून ही मंडळी तयार प्रोग्रॅम स्वतः वाटत नसत. त्याचा मूळ लिखित पाठच प्रसिद्ध करीत. तोच प्रकल्प २०१४ पासून कोडी ह्या नावाने ओळखला जातो आणि सर्व तऱ्हेच्या संगणकांवर चालतो.

चिठ्ठीचे सर्वांत नेटके रूप मात्र निन्टेन्डोच्या वी ह्या यंत्रावर दिसले. हे यंत्र २००६ च्या अखेरीस आले. त्याची गुप्त किल्ली हस्तगत करण्यासाठी कारागिरांनी चक्क एक चिमटा वापरला. जुन्या खेळांच्या अवस्थेत यंत्राची बरीचशी स्मृती झाकलेली राही, तेव्हा चिमट्याने दोन बिंदू जोडून त्यांनी झाकलेला भाग वाचला. डिसेंबर २००७ मध्ये बर्लिनच्या परिषदेत त्यांनी आपले काम लोकांपुढे मांडले. २००८ च्या आरंभी आलेली युक्ती तर अधिकच गमतीची होती. 'झेल्डा'च्या एका खेळात नायकाच्या घोडीला नाव देता येते. साठवलेल्या खेळाच्या फाईलमध्ये त्या घोडीला अतोनात लांब नाव दिले, की खतावणीचा तोच रकान्याचा घोटाळा होऊन घरचा प्रोग्रॅम चालू होई.

त्याच वर्षी 'होमब्रू चॅनल' आला आणि सर्वसामान्य माणसाला शिस्तशीर पद्धत मिळाली. मेमरी कार्डावर 'ॲप्स' नावाचा एक फोल्डर करावा. त्यात प्रत्येक प्रोग्रॅमला स्वतंत्र खोली द्यावी. त्या खोलीत तीन वस्तू ठेवाव्यात. 'बूट.डॉल' हा प्रत्यक्ष प्रोग्रॅम, 'आयकॉन.पीएनजी' हे १२८ बाय ४८ ठिपक्यांचे चित्र, म्हणजे दारावरची पाटी, आणि 'मेटा.एक्सएमएल' ही चिठ्ठी. तीत प्रोग्रॅमचे नाव, कर्त्याचे नाव, आवृत्ती, प्रसिद्धीची तारीख, एका ओळीतील परिचय आणि सविस्तर परिचय असे रकाने असतात. तारीखही कशी लिहावयाची, तर आधी वर्ष, मग महिना, मग दिवस, आणि मग तास, मिनिटे, सेकंद. असे चौदा अंक सलग. प्रोग्रॅमला सुरू होतानाच काही सूचना द्यावयाच्या असतील तर त्यांसाठी निराळा रकाना आहे. यंत्राच्या अंतर्भागावर थेट अधिकार हवा असेल तर तशी मागणीही ह्याच चिठ्ठीत उघडपणे लिहावी लागते. चिठ्ठी नसली तरी प्रोग्रॅम चालतो. पण पडद्यावर फोल्डरचे कोरडे नाव दिसते, आणि हे काम कोणी केले, कशासाठी केले, ते पाहणाऱ्याला कळत नाही. पैशाची अपेक्षा न ठेवता राबणाऱ्या कारागिराला मिळावयाचे श्रेय ह्या एका ओळीत असते. म्हणून दुसऱ्याच्या प्रोग्रॅमची चिठ्ठी दुरुस्त करताना कर्त्याच्या नावाची ओळ पुसू नये, हा मी शिष्टाचाराचा पहिला नियम समजतो.

ज्यांना हे काम स्वतः करून पाहावयाचे असेल त्यांच्यासाठी चार व्यावहारिक गोष्टी सांगतो. चिठ्ठी साध्या मजकुराच्या संपादकात लिहावी. पत्रे लिहिण्याच्या प्रोग्रॅममध्ये लिहिली तर तो सरळ अवतरणचिन्हांची वळणदार चिन्हे करतो आणि यंत्राला ती समजत नाहीत. दुसरे, विंडोजमध्ये फाईलच्या नावाचे शेपूट पुष्कळदा लपवलेले असते, आपण 'मेटा.एक्सएमएल' असे नाव दिले तरी प्रत्यक्षात त्याच्यापुढे 'टीएक्सटी' हे दुसरे शेपूट चिकटून राहते आणि यंत्राला ती फाईल सापडतच नाही. तिसरे, एक्सएमएलच्या लिखाणात उघडलेला प्रत्येक कंस-शब्द बंद करावा लागतो, आणि इंग्रजीतील 'अँड'चे चिन्ह उघडे लिहून चालत नाही. एका चिन्हाच्या चुकीने सारी चिठ्ठी निरर्थक ठरते. चौथे आणि सर्वांत महत्त्वाचे, बदल करण्यापूर्वी मूळ चिठ्ठीची प्रत काढून ठेवावी आणि एका वेळी एकच ओळ बदलावी. पाच ओळी एकदम बदलणाऱ्याला कोणती चुकली ते कळत नाही.

येथे कोणी विचारील, की हे सारे कुलूप तोडण्याचेच शास्त्र नव्हे काय? ज्या वाटेने घरचा प्रोग्रॅम आत येतो, त्याच वाटेने चोरलेला खेळही येतो. हा आक्षेप खोटा नाही. ह्या यंत्रांवर नकललेले खेळ पुष्कळ चालले आणि खेळ लिहिणाऱ्यांचे त्यात नुकसान झाले. गेट्स ह्यांच्या पत्रातील तक्रार पोकळ नव्हती. होमब्रू चॅनलच्या कर्त्यांनी मात्र नकला चालवण्याला आपला विरोध असल्याचे वेळोवेळी स्पष्ट केले होते. कायद्यानेही हा भेद निरनिराळ्या रीतीने ओळखला आहे. अमेरिकेच्या १९९८ च्या कायद्याने कुलूप मोडणेच निषिद्ध केले आणि दर तीन वर्षांनी अपवाद ठरवण्याची व्यवस्था ठेवली. आपल्या १९५७ च्या प्रताधिकार कायद्यात २०१२ साली जे ६५ अ हे कलम आले, त्यात मात्र हक्कभंग करण्याच्या हेतूने कुलूप मोडणे हा गुन्हा मानला आहे. हेतू पाहण्याची ही दृष्टी मला अधिक समंजस वाटते. दुसऱ्याच्या घराचे कुलूप तोडणारा आणि स्वतःच्या पेटीची किल्ली हरवल्यामुळे लोहाराला बोलावणारा, ह्या दोघांना एकाच मापाने मोजता येणार नाही.

आणि कारखानदाराच्या हाती सर्व किल्ल्या राहिल्या तर काय होते, हेही इतिहासाने दाखवले आहे. प्लेस्टेशन थ्रीवर लिनक्स चालवण्याची सोय सोनीने स्वतःच दिली होती. सुरक्षिततेचे कारण देऊन १ एप्रिल २०१० रोजी एका सुधारणेद्वारे ती काढून घेतली. ज्यांनी ती सोय पाहून यंत्र घेतले होते त्यांच्यापुढे सोय सोडा किंवा जाळ्यावरचे खेळ सोडा, एवढाच पर्याय उरला. निन्टेन्डोने वीचे दुकान ३० जानेवारी २०१९ रोजी बंद केले. त्यानंतर त्या यंत्रासाठी तेथून काही विकत घेणे अशक्य झाले. कंपनीने आपला धंदा आवरावा, ह्यात अन्याय नाही. परंतु दुकान मिटले म्हणून दिवाणखान्यातील धडधाकट यंत्र निरुपयोगी का व्हावे? आज अशा यंत्रावर काही नवे चालवावयाचे म्हटले तर ते घरच्या कारागिरांनी मोकळ्या केलेल्या वाटेनेच चालते.

म्हणून मला ह्या चार ओळींच्या फाईलचे मोल वाटते. गुप्त किल्ल्या, चिमटे आणि लांब नावाच्या घोड्या हा दार उघडण्याचा इतिहास झाला. दार उघडल्यानंतर आत राहावयाचे कसे, हे चिठ्ठीने ठरवले. तिने यंत्राची रीत साध्या अक्षरांत समोर मांडली, ती बदलण्याची मुभा दिली आणि कर्त्याचे नाव राखले. २००८ साली लिहिलेली अशी एखादी फाईल आज कोणत्याही संगणकावर उघडा. ज्याला इंग्रजी अक्षरओळख आहे अशा कोणालाही ती वाचता येते. आपल्या घरातही एखादे जुने यंत्र माळ्यावर पडले असेल. ते मोडीत देण्यापूर्वी घरातल्या मुलाला बरोबर घेऊन एकदा खाली काढा, आणि त्याच्यासाठी एक चिठ्ठी त्या मुलाच्याच हाताने लिहून पाहा. पहिल्या प्रयत्नात ती बहुधा चुकेल. पण यंत्र आपले आहे म्हणजे काय, हे त्याला त्या चुकीतूनच समजू लागेल.